मदत हवी आहे: गवत वाळल्यावर त्यातला आवाज कुठे जातो?

शिवणी: झुळवणातलं गवत उन्हाळ्यात वाळतं, आणि रेवाला आवाज वैशाखातच ऐकू यायला हवा. नदी नको, झाड नको, साधूबाबा तर अजिबात नकोत. तीन आठवडे नवव्या प्रकरणात अडकले आहे. शनिवारी म्हापशाला आमच्या वाचनमंडळात ते वाचायचंय. लवकर सुचवा.

वाचक४२: झुळवण म्हणजे काय? रेवा कोण? कसला आवाज?

बागवाला: पाणी सकाळी लवकर द्या, ऊन चढल्यावर नको. कापताना फार खाली कापू नका. आमचं पर्वरीचं लॉन तसंच गेलं होतं. शेणखत चाळून घाला, महिन्याभरात फरक दिसेल.

शिवणी: बागवाला, हे कादंबरीतलं गवत आहे हो.
झुळवण म्हणजे तीन चंद्रांच्या जगातलं माळरान. त्यातून जाताना माणूस जे बोलतो ते गवतात राहतं आणि वारा सुटला की ऐकू येतं. रेवाची आजी तिथून एकटी गेली, ती परत आलीच नाही. जाताना ती काय बोलली ते रेवाला हवंय. आता तरी सांगा.

कुळागरी: बाय, सोपं आहे. राखणदार घाल, गावाची राखण करणारा देव. आमच्या गोव्यातल्या सत्तरी तालुक्यात गावाच्या सीमेवर त्याला रोट, म्हणजे जाड भाकरी, देतात. वेताळाला वाहिलेल्या वहाणा झिजलेल्या सापडतात, कारण तो रात्रभर हिंडतो, असं आमची माणसं मानतात. तुझ्या माळावरही कोणीतरी हिंडणारा असेल. त्याने सगळं ऐकलेलं असणार, त्यालाच विचारू दे.

सडेफिरस्ता: राखणदाराने सांगून टाकलं तर गवताचं काम काय उरलं? मग माळरान घेतलंच कशाला?
शिवणी, आजी जाऊन किती वर्षं झाली? तिथे पाऊस पडतो का? गुरं चरतात का?

शिवणी: वीस वर्षं. पाऊस आपल्यासारखाच, चार महिने. गुरांचा विचार केला नव्हता.

सडेफिरस्ता: मग वैशाखाचा प्रश्नच नाही. वीस वर्षांत गवत वीस वेळा वाळलं. आवाज पहिल्याच उन्हाळ्यात कुठे गेला ते आधी ठरव.
माझं मत विचारशील तर मुळांत. गवताचा वाढीचा कोंब बुडाशी असतो, म्हणून गुरांनी खाल्लं, वणवा लागला तरी ते पुन्हा फुटतं. रेवाने जमिनीला कान लावावा.

रानमेवा: सगळी गवतं तशी नसतात. सड्यावर, म्हणजे जांभ्या दगडाच्या पठारावर, माती बोटभरसुद्धा नसते. तिथली पुष्कळ गवतं आणि फुलं एका पावसाची सोबती. सीतेची आसवं, गेंद, सगळं पाणी आटलं की संपतं, मागे फक्त बी. मेमध्ये तिथे उभी राहा, काळा तापलेला दगड दिसेल. सप्टेंबरात तोच दगड जांभळा होतो.

सडेफिरस्ता: बहुवर्षायू गवतंही सड्यावर आहेत, मी स्वतः पाहिली आहेत.

रानमेवा: नाहीत असं मी म्हटलंच नाही. पुष्कळ म्हटलं.

वाचक४२: मोपच्या सड्यावर आम्ही लहानपणी गुरं घेऊन जायचो. आता तिथे विमानतळ आहे. परवा तिथून विमानात बसलो आणि खिडकीतून नुसता खाली बघत राहिलो.

शिवणी: वाचक४२, वाचून गलबलून आलं, पण विषयावर या ना. जमिनीला कान लावणं मी लिहून पाहिलं होतं. सगळ्यांचे आवाज एकत्र येतात, आजी वेगळी काढता येत नाही.

रानमेवा: मग बी घे. कुसळी गवत ठाऊक आहे ना? चालताना पायजम्याला, लुगड्याच्या काठाला टोचून बसतं ते. त्याच्या बियांना लांब शेपटी असते. एक कुसळ ओल्या तळहातावर ठेवून बघ. पीळ सुटायला लागतो, शेपटी गोल फिरते. वाळलं की पुन्हा पीळ बसतो. असं ओलं-कोरडं होत बी स्वतःला मातीत रुजवून घेतं.
गवत मरायच्या आधी आवाज कुसळात जातो असं धर. जो चालला त्याच्याच कपड्याला ते चिकटतं.

शिवणी: पण आजी परत आली नाही. तिचे कपडेही नाहीत.

कुळागरी: तिच्यामागे कोणी गेलं नव्हतं? शोधायला?

शिवणी: आजोबा गेले होते. अर्ध्या वाटेवरून परतले.
थांबा. त्यांची घोंगडी सहाव्या प्रकरणात आहे, पेटाऱ्यात. पण वीस वर्षांचं बी जिवंत असेल का?

रानमेवा: नसेल, रुजणार नाही. पण फिरायला जीव लागत नाही. शेपटीतल्या मेलेल्या पेशीच ओलावा पितात आणि पीळ सुटतो. वाळलेलं, जुनं कुसळही फिरेल.

सडेफिरस्ता: हे माझ्या मुळांपेक्षा चांगलं आहे. मात्र आवाज एकदाच ऐकू येऊ दे. पुन्हा भिजवलं तर नुसतं फिरेल.

कुळागरी: आणि पाणी विहिरीचं नको. वैशाखात घाम असतोच की तळहाताला.

शिवणी: रानमेवा, आजोबा परतले तेव्हा सप्टेंबर चालेल का? कुसळं तेव्हा धरतात?

रानमेवा: सप्टेंबरात गवत अजून हिरवंच. दिवाळीच्या सुमारास पिकलेली असतात, तेव्हाच कपड्यांना चिकटून येतात.

शिवणी: म्हणजे सहावं प्रकरणही बदलायला हवं. बसते आता.