गहिवर, उमाळा, हुंदका यांत नेमका फरक काय?

प्रश्न: भाचीच्या पाठवणीला 'वहिनींना गहिवरून आलं' असं मी ग्रुपवर लिहिलं तर एकीनं विचारलं, म्हणजे रडल्या ना? मला काय ते एकच वाटत नाही. सातारा-सांगलीकडं तुम्ही हे शब्द कसे वापरता?

प्रतिसाद १: एकच नाही हो ताई. गहिवर गळ्यात असतो, डोळ्यातनं पाणी आलंच पाहिजे असं नाही. आमच्या अपशिंग्याकडं घरोघरी फौजी, पोरगं सुट्टी संपवून निघालं की बाप स्टँडवर बॅग वर चढवून देतो आणि 'पोचलास की फोन' एवढं बोलून थांबतो, 'कर' काय तोंडातनं निघत नाही, डोळे कोरडेच. हा गहिवर. रडू दाबताना श्वासासाठी गळा उघडा राहायला बघतो आणि गिळायला तर तो मिटायला लागतो, त्या ओढाताणीत गोळा आल्यासारखं होतं, म्हणून तर माणूस आवंढा गिळतो. हुंदका मात्र श्वासाचा, छाती आचके देते, रडू थांबलं तरी लहान पोरांना झोपेत हुंदके येतातच की. आणि उमाळा म्हणजे विहिरीतल्या झऱ्यासारखा, आतनं एकदम उसळून येतो, मायेचा पण येतो, दुःखच पाहिजे असं नाही.

प्रतिसाद २ (सांगली): टिपं गाळणं राहिलं. ऑगस्ट २०१९ च्या पुरानंतर गल्लीत चिखल काढताना बायका भिजून कुजलेले गहू सुपानं बाहेर टाकत होत्या आणि टिपं गाळत होत्या, आवाज नाही, हात थांबत नव्हता. त्याला 'धाय मोकलून' म्हणणं साफ चूक, ते मोठ्यानं, लोकांदेखत. 'गळा काढला' तर मी दुखवट्याच्या घरी कधीच म्हणणार नाही, त्यात नाटक केल्याचा वास येतो, समोरच्याला लागतं ते.

प्रश्नकर्ती: आणि कांदा चिरताना?

प्रतिसाद १: तेव्हा नुसतं 'डोळ्याला पाणी आलं', आसवं नाही म्हणत कुणी. शास्त्रात पण ते वेगळंच धरतात, डोळा ओला ठेवणारं पाणी एक, धूर-कांद्यानं येणारं दुसरं आणि भावनेचं तिसरं. तिन्ही नाकात उतरतात, म्हणून रडताना नाक वाहतं.

प्रतिसाद ३: भोकाड पण घ्या यात. तान्ह्या बाळाला पहिले काही आठवडे रडताना आसवं गळतच नाहीत, नुसता आवाज, आणि 'भोकाड पसरलं' यात पण पाण्याचा पत्ता नाही, सगळा आवाजच आहे.