चीनमधील निवृत्तिवेतन आणि हुकोऊ : विषमता पैशाची की नोंदणीची?

सातारकर_मेघना :

नमस्कार. मी कनिष्ठ महाविद्यालयात राज्यशास्त्र शिकवते. चीनचा धडा घेताना मी मुलांना सांगितले, की फेब्रुवारी २०२१ मध्ये तेथील सरकारने अतिदारिद्र्य संपल्याची घोषणा केली आणि आठ वर्षांत सुमारे ९ कोटी ९० लाख ग्रामीण लोक दारिद्र्यरेषेच्या वर आल्याचे जाहीर केले. त्यावर बारावीतल्या एका मुलीने विचारले, की मग तिथल्या खेड्यातल्या म्हाताऱ्या माणसांना पेन्शन किती मिळते?

उत्तर शोधताना मी चक्रावले. शेतकरी आणि असंघटित लोकांसाठीच्या निवृत्तिवेतन योजनेत केंद्राने ठरवलेली किमान रक्कम २००९ मध्ये महिना ५५ युआन होती आणि २०२४ मध्ये ती १२३ युआन झाली. कारखान्यांतून व कंपन्यांतून निवृत्त झालेल्या शहरी माणसाचे सरासरी निवृत्तिवेतन मात्र तीन हजार युआनांहून अधिक आहे आणि सरकारी नोकरांचे त्याहूनही बरेच जास्त. स्वतःला समाजवादी म्हणवणाऱ्या राज्यात एवढी दरी का असावी? हुकोऊ म्हणजे कुटुंबनोंदणीची पद्धत २०१४ नंतर सैल झाली असे वाचले होते. तरीही तिचाच हा परिणाम आहे, की देश अजून पुरेसा श्रीमंत झालेला नाही एवढेच त्याचे कारण? जाणकारांनी सविस्तर लिहावे, कारण मुलीला अर्धवट उत्तर द्यायचे नाही.

जुनी_वही :

मेघनाताई, पैसा कमी पडला म्हणून ही दरी राहिली असे मला वाटत नाही. ती आखलेली आहे, आणि आखणीची तारीखही सापडते. जानेवारी १९५८ मध्ये कुटुंबनोंदणीचा कायदा झाला आणि प्रत्येक माणूस कृषी किंवा बिगरकृषी अशा एका खान्यात गेला. बिगरकृषी खान्यातल्या माणसाला सरकारी दराचे धान्य, नोकरी, घर, दवाखाना आणि निवृत्तिवेतन त्याच्या कामाच्या संस्थेमार्फत, म्हणजे दानवेईमार्फत मिळत असे. चिनी भाषेत या हमीला ‘लोखंडी भाताचा वाडगा’ म्हणत, म्हणजे कधीही न फुटणारा. शेतकऱ्याने मात्र आपले धान्य सरकारला स्वस्त दराने घालायचे आणि म्हातारपणी जमिनीच्या व मुलांच्या आधारावर राहायचे, अशी ती मांडणी होती. शहरांतल्या उद्योगांचे भांडवल अशा रीतीने खेड्यांतून उभे राहिले, त्यामुळे आज खेड्यातल्या वृद्धाला जे मिळते त्याला मदत म्हणणे मला पटत नाही. ती फार उशिरा आणि फार थोडी झालेली परतफेड आहे.

यात सर्वांत खटकणारी गोष्ट वारशाची आहे. १९९८ पर्यंत मुलाची नोंद आईच्या नोंदीप्रमाणे होत असे. बाप शहरी कामगार आणि आई खेड्यातली असेल, तर मूल कृषी खान्यातच राही. जन्माने चिकटणारा दर्जा म्हणजे काय, हे आपल्याकडच्या वाचकाला वेगळे समजावून सांगावे लागू नये.

नव्वदच्या दशकाच्या अखेरीस सरकारी कारखान्यांतून कोट्यवधी कामगार कमी करण्यात आले आणि शहरातला वाडगाही फुटला. त्या वेळी दीबाओ, म्हणजे किमान निर्वाहाची हमी, पुढे आली. ती शांघायमध्ये १९९३ साली सुरू झाली होती आणि १९९९ मध्ये देशभरच्या शहरांसाठी तिचे नियम झाले. खेड्यांसाठी तीच योजना देशभर लागू व्हायला २००७ उजाडले, जरी अधिक गरीब माणसे खेड्यांतच होती. बेकार शहरी कामगार एका ठिकाणी जमून रस्त्यावर येऊ शकत होता आणि विखुरलेला शेतकरी तसे करू शकत नव्हता, हे त्या विलंबाचे मुख्य कारण आहे असे माझे मत आहे.

२०१४ च्या सुधारणेने कृषी-बिगरकृषी हा भेद कागदावर संपवायचे ठरवले, हे खरे आहे. पण स्थानिक आणि बाहेरचा हा भेद उरलाच. २०२० च्या जनगणनेत सुमारे ६४ टक्के लोक शहरांत राहत होते, परंतु शहरी नोंद असलेले सुमारे ४५ टक्केच होते. मधले १८-१९ टक्के लोक शहरात राबतात, पण शहराच्या हिशेबात पूर्णपणे धरले जात नाहीत.

वाटसरू_पिंपरी :

मी यंत्रभागांच्या खरेदीच्या कामासाठी ग्वांगडाँग प्रांतातल्या एका कारखान्याच्या शहरात पाच वर्षे राहिलो. त्यामुळे पुस्तकी बाजू वरच्या प्रतिसादावर सोपवून मी पाहिलेले सांगतो.

आमच्या पुरवठादाराकडे गुणवत्ता तपासणीवर हुनान प्रांतातला एक गृहस्थ होता. त्याच्या खणात निळ्या प्लास्टिकची एक फाईल कायम असे. तिच्यात घरभाड्याचा करार, तात्पुरत्या वास्तव्याचा परवाना, सामाजिक विम्याच्या पावत्या, कारखान्याचे नोकरीचे पत्र आणि गावाकडच्या नोंदणीपुस्तकाच्या प्रती होत्या. मुलीला शहरातल्या सरकारी शाळेत घालायचे, तर हे सर्व दाखवावे लागे. एका वर्षी विम्याच्या पावत्यांत काही महिन्यांचा खंड निघाला, कारण आधीच्या मालकाने भरणाच केला नव्हता, आणि मुलीचा प्रवेश हुकला. ती गावी आजीकडे राहिली. तो रोज रात्री साडेआठला गच्चीवर जाऊन तिच्याशी फोनवर बोलत असे आणि तिच्या गणिताच्या वहीचे फोटो मागवून चुका दाखवत असे.

विम्याचा मुद्दा मला तिथे गेल्यावरच उमगला. अनेक कामगार स्वतःच मालकाला सांगत, की आमच्या पगारातून पेन्शनचे पैसे कापू नका. सुरुवातीला मला ते अदूरदर्शी वाटले. पण पूर्वी नियम असा होता, की दुसऱ्या प्रांतात जाताना कामगाराने खाते मोडले तर त्याचा स्वतःचा ८ टक्क्यांचा हिस्सा त्याला परत मिळे आणि मालकाने भरलेला, साधारण २० टक्क्यांचा हिस्सा त्या शहराच्या निधीत राही. २००८ च्या सुमारास ग्वांगडाँगमध्ये खाती मोडण्यासाठी रांगा लागत. २०१० पासून मालकाच्या भागातून वेतनाच्या १२ टक्क्यांइतकी रक्कम सोबत नेता येऊ लागली, पण उरलेली तिथेच राहते. तरुण मजूर जिथे घाम गाळतो त्या शहराचा निधी भरतो, आणि तो म्हातारा होऊन परततो त्या गावाच्या जिल्ह्यावर त्याचा भार पडतो. आजही असे जवळपास ३० कोटी स्थलांतरित कामगार आहेत. ज्याला आपण अदूरदर्शी समजतो, त्याचा हिशेब पुष्कळदा आपल्यापेक्षा पक्का असतो.

डॉ_नांदेड :

माझे वैद्यकीय शिक्षण चीनमध्ये झाले, म्हणून दवाखान्याबद्दल थोडे लिहितो. २००३ मध्ये ग्रामीण सहकारी वैद्यकीय योजना सुरू झाली तेव्हा माणशी वर्गणी वर्षाला १० युआन होती. ती वाढत २०२३ मध्ये ३८० युआनांवर गेली. ही वर्गणी उत्पन्नाच्या प्रमाणात ठरत नाही, गरीब आणि सुस्थित शेतकरी साधारण तेवढीच भरतात. सरकार तिच्यात मोठी भर घालते आणि जवळजवळ सर्व लोकसंख्या कोणत्या ना कोणत्या विम्याखाली आली आहे. ही लहान गोष्ट नाही, आणि ती आपण मोकळ्या मनाने मान्य केली पाहिजे.

अडचण परताव्यात आहे. रुग्णालय जेवढे मोठे आणि गावापासून जेवढे दूर, तेवढा ग्रामीण विम्याचा परतावा कमी. आमच्या शिकण्याच्या रुग्णालयात भरतीपूर्वी अनामत रक्कम भरावी लागे. जठराच्या गाठीचा एक शेतकरी मला अजून आठवतो. त्याच्या मुलाने खिडकीवर दोनदा विचारून परताव्याचा आकडा तळहातावर पेनाने लिहून घेतला, बापाशेजारी बाकावर बसून बराच वेळ तो पाहिला, आणि संध्याकाळी दोघे तालुक्याच्या रुग्णालयात परत गेले. आज प्रांताबाहेरच्या उपचारांची बिले थेट जुळवण्याची सोय पुष्कळ सुधारली आहे, पण परताव्यातला फरक गेलेला नाही.

सातारकर_मेघना :

सर्वांचे मनापासून आभार. एक शंका उरते. केंद्र सरकारकडे एवढी ताकद असताना एकच राष्ट्रीय निधी का केला जात नाही? आणि शहरी नोंद एवढी लाभाची असेल, तर खेड्यातले लोक ती मिळेल तिथे घेत का नाहीत?

जुनी_वही :

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर सोपे आहे. मध्यम आणि लहान शहरांची नोंद आता सहज मिळते, परंतु तिथे रोजगार आणि सोयी कमी आहेत. बीजिंग आणि शांघायची नोंद हवीशी आहे, आणि ती गुणांच्या कसोटीवर मोजक्यांनाच मिळते. शिवाय खेड्यातल्या माणसाकडे शेतजमिनीचा करार आणि घरासाठीची जागा असते. एवढी तुटपुंजी पेन्शन असलेला माणूस ती जमीन हातची जाऊ देण्याच्या विचाराने घाबरतो, आणि त्याचे घाबरणे रास्त आहे.

पहिल्या प्रश्नाचे मूळ १९९४ च्या कररचनेत आहे. त्या वर्षी महसुलाचा मोठा वाटा केंद्राकडे गेला, पण शाळा, दवाखाने आणि मदतीचा बहुतेक खर्च स्थानिक सरकारांकडेच राहिला. म्हणून शेतकरी व असंघटितांच्या योजनेतली किमान पेन्शन शांघायमध्ये हजार युआनांच्या वर आहे आणि गरीब प्रांतांत ती केंद्राच्या किमान आकड्याच्या आसपासच फिरते. कामगार यावा, पण त्याचे मूल आणि त्याचे म्हातारपण आपल्या अंदाजपत्रकात येऊ नये, असे शहराला वाटणे या रचनेतूनच येते. मे २०२० मध्ये तत्कालीन पंतप्रधान ली केचियांग यांनी जाहीरपणे सांगितले होते, की ६० कोटी लोकांचे मासिक उत्पन्न एक हजार युआनांच्या आसपास आहे. म्हणजे प्रश्न वरच्यांना ठाऊक नाही असे अजिबात नाही. श्रीमंत प्रांतांना आपला निधी वाटून घ्यायला लावणे हे अवघड काम आहे, आणि पेन्शनच्या बाबतीत ते फक्त नोकरदारांच्या योजनेत काही प्रमाणात सुरू झाले आहे. तुमच्या विद्यार्थिनीला एवढेच सांगा, की दारिद्र्यरेषेच्या वर येणे आणि म्हातारपणाची हमी मिळणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिल्या गोष्टीत चीनने मोठे काम केले आणि दुसरी त्याने नोंदणीच्या पत्त्यावर सोडली.

सातारकर_मेघना :

हे तिला नक्की सांगेन. @वाटसरू_पिंपरी, त्या मुलीचे पुढे काय झाले, हे तीही विचारणार आहे.

वाटसरू_पिंपरी :

विद्यापीठाची प्रवेशपरीक्षा साधारणपणे नोंद असलेल्या प्रांतातच द्यावी लागते, त्यामुळे शहरात प्रवेश मिळाला असता तरी तिला चौदा-पंधराव्या वर्षी हुनानला परतावेच लागले असते. तिच्या वडिलांनी ते ओळखून साठवलेल्या पैशांतून आणि कर्ज काढून गावाजवळच्या तालुक्याच्या ठिकाणी शाळेच्या मागे एक लहान सदनिका घेतली. आजी आणि नात तिथे राहू लागल्या. तिची परीक्षा झाली आणि ती त्याच प्रांतात परिचारिकेचे शिक्षण घेऊ लागली, हे त्याने मला संदेश पाठवून कळवले. तो स्वतः अजून ग्वांगडाँगमध्येच आहे, कारण सदनिकेचे हप्ते तिथल्या पगारावर फेडायचे आहेत.