वीजगार कुठे सापडते, हे ठरवायलाच हवं का?

पागोळी, गिरगाव
दर रविवारी परळला आमचा गट जमतो. भूमिका घेऊन कथा खेळतो, आणि त्या कथेचं जगही आम्हीच रचतो. सात बेटांचं राज्य आहे आणि तिथे वीजगार नावाचा दुर्मिळ निळा खडा. मुठीत आवळला की वरचा पाऊस थांबतो, आणि खडा थोडा झिजतो. इथपर्यंत सगळ्यांचं एकमत. तो सापडतो कुठे, काढतं कोण, हे ठरवू म्हटलं की निम्मा गट अडून बसतो. म्हणे, जादूला कारण विचारू नये.

मला हे अजिबात पटत नाही. दुर्मिळ म्हणताय, तर का दुर्मिळ तेही सांगा. आपल्या पायाखालचा काळा दगडच बघा. साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हा थिजताना त्यात वायूचे बुडबुडे अडकले. पुढे त्या पोकळ्यांत खनिजं विरघळलेलं पाणी झिरपत राहिलं आणि झिओलाइट नावाच्या खनिजांचे स्फटिक वाढले. कांदिवली-मालाडच्या जुन्या खाणींत असे स्फटिक मिळालेत. पुण्याजवळच्या वाघोलीला तर कॅव्हनसाइट मिळतं, जगात मोजक्याच ठिकाणी सापडणारं गर्द निळं खनिज. तो निळेपणा व्हॅनेडियम या धातूचा. खडीसाठी दगड फोडावा आणि आत हे दिसावं! कारण कळल्यावर माझं तरी नवल वाढलंच. वीजगारीलाही असं एक घर द्या, एवढंच म्हणणं आहे.

बुक्का, लालबाग
पागोळीताई, वाघोलीचा खडा खरा आहे, म्हणून त्याचं कारण शोधण्यात गोडी आहे. कल्पनेतल्या खड्याचं कारण तुम्हीच लिहिणार आणि तुम्हीच शोधणार. त्यात शोध कसला?

नामदेवांची गोष्ट आठवा. परिसा भागवतांच्या घरचा परीस नामदेवांच्या बायकोच्या, राजाईच्या हाती आला आणि नामदेवांनी तो चंद्रभागेत टाकून दिला. भागवत जाब विचारायला आले, तेव्हा नामदेवांनी पाण्यात हात घालून ओंजळभर खडे काढले. सगळेच परीस! परीस कोणत्या खडकात तयार होतो, हे ऐकणाऱ्यांपैकी कुणी विचारलं नाही. त्या एका ओंजळीत त्याचा दुर्मिळपणाही संपला, तरी ऐकताना अजून अंगावर काटा येतो. वीजगारीचा नकाशा काढलात की ती खाणीतला माल होईल. मग तिच्यासाठी कुणी जीव का टाकावा?

भरती, वर्सोवा
बुक्कादादा, ती गोष्ट विरक्तीची आहे. तिथे परीस कवडीमोल ठरायलाच हवा. ही गोष्ट राज्याची आहे, म्हणून मला स्यमंतक मणी जवळचा वाटतो. चतुर्थीला चंद्र दिसला की घरात हीच कथा सांगतात ना? मणी आला कुठून, तर सूर्याने सत्राजिताला दिला. एका वाक्यात संपलं. पुढे मात्र पानंच्या पानं आहेत. सत्राजिताच्या भावाला, प्रसेनाला सिंहाने मारलं, सिंहाला जांबवंताने. कृष्णावर चोरीचा आळ आला, गुहेत २८ दिवस झुंज झाली, आणि शेवटी सत्राजिताचाही खून झाला. म्हणून म्हणते, उगमावर वेळ घालवू नका, परिणामांवर घालवा.

रोज आठ भार सोनं देणारा मणी गावात आला तर सोन्याचा भाव टिकेल? १३२४ मध्ये मालीचा राजा मन्सा मुसा हजला जाताना कैरोत इतकं सोनं वाटत गेला की तिथे सोन्याचा भाव पडला. तुमच्या बेटांवर सावकाराने बाजारावरचा पाऊस थांबवला, तर शेजारच्या खाचरातल्या भाताचं काय होईल? थांबवलेला पाऊस जातो कुठे? मला हे आधी ठरवायचंय.

पागोळी, गिरगाव
भरती, परिणाम हवेत तर उगम टाळता येत नाही. ॲल्युमिनियम घे. जमिनीत भरपूर, पण मातीतून सुटं करणं महाकठीण, म्हणून महाग. १८८४ मध्ये वॉशिंग्टनच्या स्मारकाच्या टोकावर त्याचं टोपण बसवलं, इतका त्याचा मान होता. १८८६ मध्ये विजेने ते वेगळं करायची रीत सापडली आणि पुढे भाव कोसळला. धातू तोच, काढायची रीत बदलली. वीजगार कशी निघते हेच ठाऊक नसेल, तर सावकाराच्या हाती ती किती, हे तू कशावरून ठरवणार?

आणि ती काढणाऱ्यांचं काय? आपण गिरण्यांच्या भोंग्यांवर घड्याळ लावलेल्या भागात बसून खेळतो, आणि आपल्या गोष्टीत काम करणारे हातच नाहीत. हे मला खरोखर खुपतं.

बुक्का, लालबाग
हात दाखवा ना, कोण नको म्हणतंय? आमच्या चाळीतल्या दोन पिढ्या गिरणीत होत्या. खाणकऱ्यांची वस्ती असू दे, त्यांचा खोकला असू दे, त्यांची देवी असू दे. एक म्हणेल वीज पडते तिथे खडा उगवतो, दुसरा म्हणेल समुद्र सोडून जातो. प्रत्येकाची समजूत वेगळी, आणि खरं काय ते कुणालाच माहीत नाही. रचणाऱ्यालाही नाही. माझा आग्रह एवढाच आहे.

पागोळी, गिरगाव
रचणाऱ्याला माहीत नको, हे मी मान्य करणार नाही. तुमचा खाणकरी वीज पडलेल्या जागी खणायला उतरला. खडा लागेल की दरड अंगावर येईल, हे त्या क्षणी कुणीतरी ठरवणारच. कारण ठरलेलं नसेल तर तो माणूस नुसत्या आपल्या लहरीने मरेल. येत्या रविवारी मी खाणीचा आडवा छेद काढून आणतेय. तुम्ही वस्ती लिहून आणा, देवीसकट.