प्रतिसाद: संदर्भाने दिलेला पूर्णांक पायथॉनमध्ये बदलत का नाही?

सी प्लस प्लसचे फंक्शन संदर्भाने (म्हणजे प्रत न करता मूळ चलच) घेतलेला पूर्णांक 5 वाढवून 6 करते, पण पायबाइंड११मधून (सी प्लस प्लसचा कोड पायथॉनला जोडणाऱ्या लायब्ररीतून) बोलावल्यावर पायथॉनमध्ये 5 च राहतो, ही अडचण फंक्शनमधली चूक नव्हे. पायथॉनचा पूर्णांक अपरिवर्तनीय असल्याने फंक्शनच्या हाती तात्पुरती प्रत पडते आणि बदल तिच्याबरोबरच नाहीसा होतो. मूळ फंक्शनभोवती छोटा लॅम्डा (निनावी फंक्शन) लिहून बदललेली किंमत परताव्यातूनच पाठवावी. स्विग या तशाच जोडणी-साधनात हे काम आउटपुट किंवा इनआउट टाइपमॅप (प्रकारांच्या रूपांतराचे नियम) करतात. व्हेक्टरच्या (सी प्लस प्लसमधील वाढत्या यादीच्या) बाबतीत फसगत अधिक होते, कारण लिस्ट बदलता येत असूनही पायबाइंड११चे एसटीएल हेडर (लिस्ट आणि व्हेक्टर यांचे आपोआप रूपांतर करणारी फाइल) घेतल्यावर रूपांतरात तिची पूर्ण प्रत बनते आणि सी प्लस प्लसने जोडलेले घटक मूळ लिस्टमध्ये येतच नाहीत. तिथे तो व्हेक्टरचा प्रकार ओपेक (आपोआप रूपांतर न होणारा) जाहीर करून स्वतंत्र क्लास म्हणून उपलब्ध करावा.