कात्री हाती असलेले दिग्दर्शक : आपले अनुभव लिहावेत

मिलचाळकर
परवा दूरचित्रवाणीवर 'तेजाब' लागला होता आणि १९८८ साली सोलापुरात शिट्ट्यांच्या गदारोळात तो पाहिल्याची आठवण जागी झाली. निर्माता आणि दिग्दर्शक म्हणून झळकणारे एन. चंद्रा हे मुळात संकलक, म्हणजे चित्रपट कापून जोडणारे, हे तेव्हा आम्हा पोरांच्या गावीही नव्हते. गुलजार यांच्याकडे साहाय्यक म्हणून उमेदवारी, मग संकलन, त्यानंतर १९८६ चा 'अंकुश' आणि १९८७ चा 'प्रतिघात' अशी त्यांची वाटचाल आहे. 'अंकुश'मधली नाक्यावर बसणारी बेकार पोरे आमच्या मिलच्या चाळीत घरोघरी होती, म्हणून तो आम्हाला आपला वाटला. पण तो कुठे रेंगाळत नाही, याचे श्रेय मी संकलनाच्या टेबलावर घालवलेल्या वर्षांना देतो.

ऑपरेटरचा मुलगा
माझे वडील इथल्याच एका चित्रपटगृहात प्रोजेक्टर चालवणारे ऑपरेटर होते. प्रिंट तुटली की ते ब्लेडने फिल्मवरचा थर खरवडत, फिल्म सिमेंटचा, म्हणजे फिल्म चिकटवायच्या द्रवाचा, थेंब सोडत आणि दोन्ही टोके दाबून धरत. आवाज चित्राच्या २० चौकटी (फ्रेम) पुढे छापलेला असल्यामुळे सांध्यावर आधी चित्र उडते आणि जवळजवळ सेकंदाने वाक्य अडखळते. दोन चौकटी गेलेल्या ज्या चित्रपटात लगेच खुपतात, त्याचे संकलन घट्ट, अशी त्यांची परीक्षा होती. त्यात 'तेजाब' उत्तीर्ण झाला होता.

होटगी रोड
मिलचाळकर काका, वाद घालतो, राग मानू नका. स्वतःचा पैसा गुंतला की संकलकाचाही हात कापताना आखडतो. चंद्रा यांचाच १९९१ चा 'नरसिंहा' मला लांबलेला वाटतो. याउलट हृषीकेश मुखर्जी पाहा. बिमल रॉय यांच्या 'दो बिघा जमीन'चे संकलन करून ते १९५७ मध्ये 'मुसाफिर'द्वारे दिग्दर्शक झाले आणि १९७१ च्या 'आनंद'चे दिग्दर्शन, संकलन व सहनिर्मिती करूनही त्यांनी पसारा वाढू दिला नाही.

गड्डाप्रेमी
मी लग्नांच्या चित्रफितींचे मिक्सिंग, म्हणजे संकलनच, करतो. गड्ड्याच्या, म्हणजे सोलापूरच्या सिद्धेश्वर यात्रेच्या, वेळी नंदीध्वजांची मिरवणूक स्वतः चित्रित केली, तेव्हा होटगी रोड यांचे म्हणणे पटले : गर्दीत धक्के खात मिळवलेले दृश्य कितीही हलके असले तरी काढवत नाही, आणि दुसऱ्याने आणलेले मात्र मी क्षणात उडवतो. म्हणूनच पुण्याच्या चित्रपट संस्थेत संकलन शिकून दिग्दर्शक झालेले राजकुमार हिरानी स्वतःचे चित्रपट स्वतःच कापतात, याचे मला नवल वाटते.

मिलचाळकर
'नरसिंहा'बद्दल आपले खरे आहे, पण तो लांबला असे त्या वेळी आमच्या चाळीत कोणी म्हटले असते, तर त्याला रात्री बाहेर झोपावे लागले असते.

ऑपरेटरचा मुलगा
वडिलांना विचारले. त्यांना त्याची लांबी आठवत नाही, पण मध्यंतरानंतरची रिळे वाहताना खांदा भरून येई, एवढे आठवते.