जप्त गाडी आणि "साहेबांना भेटा" वाले सल्ले

चिखलवाट: कालची ती पोस्ट, "गाडी ठाण्यात लागली तर कोर्टाच्या नादी लागू नका, साहेबांना भेटा, काम होतं", वाचून डोकं सटकलं म्हणून वेगळा धागा काढतोय. अहो, गुन्हा दाखल होऊन गाडी एकदा मुद्देमालात गेली की ती सुपुर्दनाम्यावर, म्हणजे मागाल तेव्हा हजर करीन या लेखी हमीवर सुटते आणि तो आदेश मॅजिस्ट्रेट देतात. सुप्रीम कोर्टाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात २००२ सालीच सांगितलंय, गाड्या ठाण्याच्या आवारात सडवू नका, फोटो काढा, बंधपत्र घ्या, सोडा. आधी फौजदारी प्रक्रिया संहितेचं (सीआरपीसी) कलम ४५१ आणि ४५७ होतं, आता नवीन नागरिक सुरक्षा संहितेत ४९७ आणि ५०३. अर्ज, आरसी, विमा, पोलिसांचा से (म्हणजे लेखी म्हणणं), जामीनदार, झालं. "भेटून" आणलेली गाडी उद्या खटल्यात हजर करा म्हणाले तर कुठला कागद दाखवणार?

गल्लीतला_जज: ती पोस्ट माझीच. "झालं" म्हणे! से द्यायला पोलीस तारखा खातात, मग तपासी अंमलदार बंदोबस्तात, मग सरकारी वकील रजेवर, तोवर वकिलाची फी चालू, बँकेचा हप्ता चालू, धंदा बंद. आणि मोटार वाहन कायद्याचं कलम १३६ वाचा, अपघातानंतर तपासायला नेलेली गाडी सोपस्कार झाले की २४ तासांत परत द्यायचीय. माझीच गाडी मागायला कोर्ट कशाला?

चिखलवाट: मग ठाण्यात जाऊन १३६ म्हणून दाखवा, आम्ही बाहेर थांबतो.

दुचाकीवाली: माझ्या भावाची बाइक मारामारीच्या केसमध्ये जप्त झाली. सेकंडहँड घेतलेली, टीटी फॉर्मवर (गाडी नावावर करायच्या) सह्या होत्या पण नावावर करू करू म्हणत राहून गेलं. कोर्ट म्हणालं आरसीवाल्याला आणा. तो गृहस्थ फोनच उचलेना, उचलला तर म्हणे "ताई, माझा काय संबंध?" गाडी मिळाली तेव्हा बॅटरी गायब, मागचं चाक मातीत रुतलेलं, सीट फाडून मांजरीने पिल्लं घातलेली.

नाव_माझंच: त्याचंही बरोबरच होतं की! मी स्कूटर विकली, घेणाऱ्याने ट्रान्सफर केली नाही, चलनं अजून माझ्या मोबाइलवर येतात. २०१८ च्या नवीन कुमार निकालात सुप्रीम कोर्टाने स्पष्ट म्हटलंय, आरसीवर ज्याचं नाव त्याच्याच गळ्यात अपघाताची भरपाई. तुमच्या भावासारख्या लोकांमुळे आमची झोप उडते.

दुचाकीवाली: भावावर घसरायचं काम नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५० प्रमाणे विकणाऱ्यानेपण आरटीओला कळवायचं असतं, राज्यातल्या राज्यात असेल तर १४ दिवसांत. कळवलंत?

नाव_माझंच: एजंटला पैसे दिले होते.

दुचाकीवाली: म्हणजे नाही.

नाव_माझंच: तुम्ही वकील आहात का? नाही ना? मग शिकवू नका.

ट्रॅक्टरदादा: भांडा निवांत. इकडं वाळू वाहताना ट्रॅक्टर महसूलवाल्यांनी धरला, आमच्या वकिलाने फी घेऊन मॅजिस्ट्रेटकडं अर्ज टाकला, तो गेला उडत. गुन्हा दाखलच नव्हता तर कोर्ट काय सोडणार? जमीन महसूल संहितेचं ४८(८), दंड भरा, बंधपत्र द्या, महसूलच्याच साहेबाकडून सुटतो. चिखलवाट, सगळ्या जप्त्या एका मापाने मोजू नका.

गल्लीतला_जज: बघा! साहेबच शेवटी!

चिखलवाट: दादा, महसूलचं मान्य, मी गुन्ह्यातल्या गाडीबद्दल बोलत होतो. पण तो साहेब दंडाची पावती देतो हो, जज. तुमचे साहेब देतात का पावती? आणि नवीन ४९७ मध्ये कोर्टाने १४ दिवसांत मालाचा तपशील करायचा, फोटो-व्हिडिओ काढायचे, पुढच्या ३० दिवसांत विल्हेवाटीचा आदेश द्यायचा असं लिहिलंय.

गल्लीतला_जज: लिहिलंय खरं. बरं, गुन्हा असेल तर अर्ज करावा लागतो, कबूल, घाला हार गळ्यात.

चिखलवाट: हार नको, कालची पोस्ट बदला.

गल्लीतला_जज: एडिटची मुदत संपली. अर्ज करा.