माहितीपटाचे संकलन हा पेशा म्हणून निवडावा का? सोलापुरातून सल्ला हवा आहे

पूर्वभागकर:
नमस्कार. मी वाणिज्य शाखेचा पदवीधर असून गेली चार वर्षे सोलापुरात लग्नाच्या व्हिडिओंचे मिक्सिंग करतो. आमच्या पूर्व भागातील टॉवेलच्या कारखान्यांत आयुष्य घालवलेल्या कामगारांशी केलेल्या गप्पांचे सुमारे तीस तासांचे मोबाइल चित्रण माझ्याकडे साठले आहे. त्यातील निम्मे बोलणे आमच्या घरच्या तेलुगूत आहे. माहितीपटांचा संकलक व्हावे असे मनाने घेतले आहे, परंतु घर माझ्याच कमाईवर चालते. पुण्यातील फिल्म इन्स्टिट्यूटच्या प्रवेशासाठी प्रयत्न करावा, मुंबईत कोणाचा साहाय्यक व्हावे, की इथेच राहून शिकावे? कृपया मार्गदर्शन करावे.

बार्शीचा संकलक:
पंधरा वर्षे हेच काम करत असल्यामुळे लिहितो. कुठे जावे हे ठरवण्याआधी त्या तीस तासांतून दहा मिनिटांचा एक पट पुरा करावा. कथापटाच्या संकलकापुढे पटकथा असते. माहितीपटाची पटकथा मात्र बहुतेकदा संकलनाच्या टेबलावरच लिहिली जाते, आणि ती लिहिता येते का हे आपले आपल्यालाच तपासावे लागते. आनंद पटवर्धन यांच्या ‘जय भीम कॉम्रेड’ या माहितीपटाचे काम १९९७ पासून २०११ पर्यंत, म्हणजे चौदा वर्षे चालले होते. इतक्या साहित्यातून काय ठेवायचे, हाच या पेशातील खरा प्रश्न.

प्रत्येक मुलाखत वेळेच्या नोंदींसह शब्दशः उतरवून काढावी. कंटाळवाणे काम आहे, पण त्याला पर्याय नाही. तेलुगू येणे ही तुमची मोठी जमा आहे. त्या भाषेतही मराठीसारखे क्रियापद वाक्याच्या शेवटी येते आणि नकारही बहुधा तिथेच असतो; भाषा न जाणणारा संकलक नेमका त्याच्या आधी काप घेतो आणि माणसाच्या तोंडी उलटाच अर्थ जातो.

दुसरी गोष्ट आवाजाची. माग चालू असताना मुलाखत घेतली असेल, तर प्रत्येक कापाला मागाची लय तुटलेली कानाला कळते. यापुढे मुलाखत शांत जागी घ्यावी आणि मागाचा आवाज सलग पाच मिनिटे वेगळा ध्वनिमुद्रित करून तो खाली अंथरावा. मोबाइलच्या चित्रणात फ्रेमची गती कमी-जास्त होते व त्यामुळे आवाज हळूहळू सरकतो. म्हणून आधी सर्व फाइली स्थिर गतीत बदलून घ्याव्यात. मिक्सिंगमुळे तुमच्या हाताला वेग आला असेल, पण कच्च्या संकलनात एकही गाणे घालू नये, कारण गाणे घातले की प्रसंगातील उणीव झाकली जाते.

पूर्वभागकर:
मनःपूर्वक आभार. सॉफ्टवेअर विकत घ्यावे लागेल का? आणि केवळ माहितीपटांवर घर चालते का?

बार्शीचा संकलक:
डाविंची रिझॉल्व्हची मोफत आवृत्ती पुष्कळ आहे. तो पैसा दोन हार्ड डिस्कवर खर्च करावा आणि सर्व चित्रण दोन्हींवर ठेवावे. केवळ माहितीपटांवर माझे घर चालत नाही. वर्षातील बराच काळ मी सामाजिक संस्थांच्या आणि कंपन्यांच्या फिल्म करतो. मानधन कच्चे संकलन, पक्के संकलन आणि अंतिम प्रत अशा टप्प्यांत ठरवून घ्यावे. एका निर्मात्याने ‘शेवटी एकदम देतो’ म्हटले होते; ते पैसे आजतागायत आलेले नाहीत.

सातरस्ता:
वरील सल्ल्याशी मी बहुतांशी सहमत आहे, परंतु संस्थेचा विचार सोडू नये. १९६० साली प्रभात स्टुडिओच्या आवारात सुरू झालेल्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलन हा स्वतंत्र विषय आहे आणि प्रवेश परीक्षेला कोणत्याही शाखेची पदवी चालते. पूर्णवेळ अभ्यासक्रमाची वर्षे तुम्हाला परवडणार नसतील, तर तिथल्या अल्पमुदतीच्या वर्गांची चौकशी करावी. हुतात्मा एक्स्प्रेसने पहाटे निघून एक दिवस प्रत्यक्ष जाऊन यावे. ओळखीपाळखीवाचून मुंबईत साहाय्यक व्हायला जाणे मात्र, घरची जबाबदारी पाहता, मला जोखमीचे वाटते.

पूर्वभागकर:
सध्या लग्नसराई चालू आहे, त्यामुळे रात्री दोन तास मिळतील. आमच्या गल्लीतील एका निवृत्त कामगाराची तीन तासांची तेलुगू मुलाखत आजपासून उतरवायला घेतो.

बार्शीचा संकलक:
उत्तम. उतरवताना त्यांचे थांबणेही लिहून ठेवावे. कापायला जागा तिथेच सापडते.